गोदामावरचा मासा

सिंगापूरला मी नक्की काय काम करतो हे वडिलांना समजावून सांगण्यात माझे सुरुवातीचे दोन-तीन फोन गेले.

"सिनेमा काढता का तुम्ही?"

"नाही."

"मग लग्नाचं शूटिंग?"

"तेही नाही, अप्पा. काही कलाकार फार मोठी कामं करतात. भिंतीएवढी चित्रं, दोन मजली पुतळे. ते काम चालू असताना आम्ही त्याची फिल्म करतो. मी कॅमेरा चालवतो."

वडील तालुक्याच्या टॉकीजमध्ये डोअरकीपर होते. जरा वेळ विचार करून ते म्हणाले, "म्हणजे पोस्टर रंगवणाऱ्याचा पिक्चर."

ही व्याख्या मी पुढे अनेक ठिकाणी वापरली. लोकांना लगेच कळते.

नव्वदच्या दशकाचा मध्य होता. आमच्या घरात पदवीपर्यंत पोचलेला मी पहिला. शाळेतल्या विज्ञानाच्या सरांनी शाळेचा एकुलता एक कॅमेरा माझ्या हातात दिला, कॉलेजातल्या मॅडमनी पुण्याच्या कोर्सबद्दल सांगितलं, आणि तिथल्या एका सीनियरने सिंगापुरातल्या एका छोट्या कंपनीत माझं नाव सुचवलं. या तिघांपैकी एकानेही त्या दिवशी सुट्टी घेतली असती तर मी आज तिकिटं फाडत असतो. वडिलांनी आयुष्यभर केलेलं काम वाईट आहे असं नव्हे. पण टॉकीजही पुढे बंद पडली.

कंपनी लहान होती. मालकीण चाळिशीतली चिनी बाई, सगळे तिला बॉसच म्हणायचे. ती चालता चालता बोलायची, त्यामुळे तिच्याशी बोलायचं तर सोबत चालावं लागे. पहिल्याच दिवशी जिन्यावरून उतरताना तिने मला सांगितलं, "तीन महिने. एक फिल्म. चांगली झाली तर तुझा इथे काम करायचा पास पुढे चालू. नाही झाली तर विमानतळ ठाऊक आहे ना?" यात राग नव्हता. ती सगळ्यांनाच असं सांगायची. पण मी गावाकडे पेढे वाटून आलो होतो. तीन महिन्यांत परत गेलो तर वडिलांना टॉकीजच्या दारात उभं राहून येणाऱ्या प्रत्येकाला कारण सांगावं लागलं असतं. त्यामुळे ती एक फिल्म माझ्यासाठी सगळं काही होती.

फिल्म होती एका आंटीवर. तिकडे वयाने मोठ्या कुठल्याही बाईला आंटी म्हणतात, म्हणून मीही म्हणायचो. साठी उलटलेली, वाळलेल्या गवताची हॅट आणि पायात रबरी सपाता. तिने तरुणपणी सिनेमाची मोठमोठी पोस्टरं हाताने रंगवली होती. नंतर छापील पोस्टरं आली आणि काम संपलं. आता ती भिंती रंगवायची. नदीकाठचं एक जुनं गोदाम पाडणार होते. पाडण्याआधी त्याची लांब बाजूची भिंत तिला मिळाली होती, आणि तिथे ती एक मासा काढत होती. एका टोकाला तोंड, दुसऱ्या टोकाला शेपटी, मध्ये अख्खं गोदाम. भिंत पडली की मासा जाणार, उरणार फक्त आमची फिल्म.

तिचे वडील बेडोकच्या किनाऱ्यावर मासे धरायचे. भराव घालून समुद्र मागे सारला त्याआधीची ही गोष्ट. मी राहायचो बेडोकलाच, पण माझ्या खिडकीतून दिसायची ती समोरच्या ब्लॉकमध्ये बांबूवर वाळत घातलेली कपड्यांची रांग. इथे कुणी मासे धरत असेल यावर विश्वास बसायचा नाही.

मोठ्या कामांची फिल्म करताना एक अडचण कायम असते. काम सबंध दाखवायचं तर लांब जावं लागतं, आणि लांब गेलं की कलाकार मुंगीएवढा होतो. कलाकार दाखवायला जवळ जावं तर कामाचा नुसता एक निळा तुकडा दिसतो. आंटी खवले रंगवत होती तेव्हा मी रोज हे करून पाहायचो. परांचीवर तिच्याशेजारी उभा राहायचो, मग धावत रस्त्यापलीकडे जाऊन तिथून घ्यायचो. ती वरून हसायची. "सो हॉट, यू रन फॉर व्हॉट?" म्हणायची. आमचं छान जमलं होतं. तिचं इंग्रजी चार शब्दांचं, माझं पुस्तकातलं. माझ्या इंग्रजीच्या सरांनी मला आजारपणाच्या रजेचा अर्ज उत्तम शिकवला होता. निरोप कसा घ्यायचा हे काही शिकवलं नव्हतं, आणि घोटाळा तिथेच झाला.

एका गुरुवारी मासा पूर्ण होत आला. डोळा तेवढा राहिला होता. तिथे खवल्यांच्या मध्ये ताटाएवढी पांढरी जागा तिने मुद्दाम सोडलेली. पोस्टर रंगवतानाही ती डोळे शेवटी काढायची, आणि चिनी लोकांत तशी रीतच आहे. डोळा काढला की चित्रात जीव येतो. बॉसने मला बजावलं होतं, "डोळ्याचा शॉट नसेल तर फिल्म नाही." मी रोज विचारायचो, डोळा कधी? त्या दिवशी संध्याकाळी पाचच्या सुमारास मी पुन्हा विचारलं. आंटीने ब्रश पुसत भिंतीकडे हनुवटीने खूण केली आणि म्हणाली, "आय, लेटर."

मला ऐकू आलं: 'मी, नंतर.' म्हणजे मी नंतर निघेन, तू हो पुढे. दिवसभर उन्हात उभा होतो, कॅमेऱ्याची बॅटरी संपत आली होती, आणि म्हाताऱ्या माणसाने आपली काळजी केली याचं बरं वाटलं. मी सामान आवरलं, वाकून नमस्कार केला आणि म्हणालो, "ओके आंटी, आय कम."

आणि घरी गेलो.

सकाळी पोचलो तर आंटी शिडी जमिनीवर आडवी टाकून तिच्यावर बसली होती. मी गुड मॉर्निंग म्हणालो. ती रंगाच्या डब्यांकडे बघत राहिली. एका डब्यात काळा रंग वाळून त्याला साय धरली होती. मी शिडी उचलायला वाकलो तर ती म्हणाली, "यू से कम. नो कम."

हळूहळू उलगडा झाला. ती म्हणाली होती 'आय', पण 'मी' नव्हे, डोळा. आणि तिच्या 'लेटर'चा अर्थ 'पुढे कधीतरी' असा नसून 'आत्ता थोड्या वेळाने' असा होता. त्या दिवसाचा उतरता उजेड तिने पंचांग पाहून डोळ्यासाठी ठरवला होता. मी 'कम' म्हणालो म्हणजे बॅटरी बदलून येतो, असं समजून ती रंग कालवून परांचीवर बसून राहिली. अंधार पडला तेव्हा खाली उतरली.

मी माझ्या परीने सांगून पाहिलं. "आंटी, इन माय लँग्वेज, व्हेन आय गो, आय से आय कम." तिने माझ्याकडे नीट पाहिलं. मी तिची चेष्टा करतोय अशी तिची खात्री झाली. "गो इज गो," ती म्हणाली. "कम इज कम." मी पपई नेऊन दिली. ती तिने शेजारच्या चहावाल्याला देऊन टाकली. दुपारी बॉसचा फोन त्याच चहावाल्याकडे आला. "तिला दुसरा कॅमेरामन हवाय. परांची शनिवारी संध्याकाळी काढणार. तोवर तू निस्तर, नाहीतर शनिवारी दुपारी मी दुसरा पाठवते." माझ्या पासचं काय, हे मी विचारलं नाही आणि तिनेही सांगितलं नाही.

बेडोकला मी ज्यांच्या फ्लॅटमध्ये एका खोलीत राहायचो ते रत्नागिरीकडचं जोडपं होतं. ते जहाजावर चीफ इंजिनियर, म्हणून सगळे त्यांना चीफ म्हणायचे. वहिनींनी त्यांच्या माघारी सिंगापूरचा बाजार, शाळा, दवाखाना सगळं एकटीने निभावलेलं, त्यामुळे त्यांचं तिकडचं इंग्रजी फर्डं होतं. त्या रात्री जेवताना मी सगळं सांगितलं. चीफ ताटात भात तसाच ठेवून हसत सुटले.

"अरे, आय म्हणजे मी, आय म्हणजे डोळा, आणि आमच्या आजोळी आय म्हणजे आई! तू नशीबवान, तो आईचा निरोप आहे असं नाही समजलास."

"हसू नका हो," वहिनी म्हणाल्या. "त्या बाई अंधार पडेपर्यंत बसल्या की. आणि भाऊजी, तुम्ही तरी 'आय कम' काय म्हणालात? इथे म्हणायचं, 'आय गो फर्स्ट.'"

"वहिनी, तसं तोंडातून येत नाही."

"ते मात्र खरं," त्या म्हणाल्या. दुसऱ्या दिवशी चीफ जहाजावर चढणार होते. कोपऱ्यात बॅग भरून ठेवली होती.

त्यांची मुलगी समोर बसून ऐकत होती. ती तिथल्याच शाळेत जायची आणि तिथल्यासारखं वाक्याच्या शेवटी 'लाह' लावायची. "जस्ट से बाय-बाय लाह," ती म्हणाली, "सो ड्रामा."

शेवटी वहिनींनीच ठरवलं. चीफना ज्या धक्क्यावरून बोटीने जहाजावर जायचं होतं तो नदीच्या तोंडाशी होता, गोदाम वाटेवरच. टॅक्सी दोन मिनिटं थांबवू, मी त्या बाईंना नीट सांगते. "तुमचं नाही ऐकलं, माझं ऐकतील. बायकांचं बायकांना कळतं." चीफ म्हणाले, "आणि माझं जहाज?" "जहाज तुम्हाला सोडून जात नाही," वहिनी म्हणाल्या, "तुम्हीच इंजिन चालवता ना?"

शनिवारी सकाळी आम्ही टॅक्सीने निघालो. मी कॅमेरा मांडीवर घेऊन पुढे, ते दोघं मागे. आंटी त्याच शिडीवर बसली होती, पण रंगाचे डबे उघडलेले दिसले. दुसऱ्या कॅमेरामनची ती वाट पाहत असणार.

वहिनी उतरल्या आणि थेट तिच्या शेजारी शिडीवर जाऊन बसल्या. "आंटी, धिस बॉय नॉट बॅड. अवर पीपल लाइक धिस वन. गो ऑल्सो से कम."

"गो इज गो," आंटी म्हणाली. तिचं ठरलेलं होतं.

"गो कॅनॉट से. से गो, नॉट गुड."

"व्हाय नॉट गुड?"

आता हे इंग्रजीत कसं सांगणार? वहिनींनी हात वर केला, खाली केला, माझ्याकडे पाहिलं. मीही शब्द शोधत होतो. तेवढ्यात टॅक्सीवाल्याने हॉर्न दिला. चीफ टॅक्सीतून अर्धे बाहेर येऊन घड्याळ दाखवायला लागले. त्यांना वाटलं, आपणच करून दाखवावं. शिवाय त्यांचा स्वभाव थट्टेखोर. त्यांनी हात हलवला आणि मोठ्याने म्हणाले, "अगं, बस तू बोलत. मी जातो!"

वहिनी ताडकन उठल्या. चार पावलांत टॅक्सीपाशी पोचल्या आणि त्यांच्या दंडावर चांगली चापट मारली. "जिभेला काही हाड? जहाजावर चढायच्या दिवशी हे असलं बोलतात? म्हणा आधी, येतो म्हणा!"

"अगं, गंमत केली..."

"आधी म्हणा!"

"येतो. येतो गं बाई. येतो." चीफ एकदम मऊ झाले. वहिनींचे डोळे भरले होते, आणि त्या दुसरीकडे तोंड करून पदराने ते पुसत होत्या. मला काय करावं सुचेना म्हणून मी कॅमेऱ्याची पट्टी घट्ट करत बसलो.

आंटी शिडीवरून उठली होती. तिने मला विचारलं, "ही, शिप?"

"येस, आंटी. शिप. लाँग टाइम."

"ही से गो?"

"ही से गो. जोकिंग. शी अँग्री."

तिने मान हलवली. मग वहिनींजवळ जाऊन काहीतरी सांगायला लागली, अर्धं हाताने, अर्धं तोंडाने. मला तुकडे कळले. तिच्या घरी ताटातला मासा एका बाजूने खाऊन झाला तरी उलटा करायचा नाही. वडील बोटीवर असायचे. मासा उलटला तर बोट उलटते. एकदा तिने लहानपणी उलटला तेव्हा आईने तिला मारलं होतं, आणि वडील परत येईपर्यंत आई तिच्याशी बोलली नव्हती. आंटीने वहिनींच्या दंडावर, जिथे वहिनींनी चीफना मारलं होतं त्याच जागी, हलकी चापट मारली आणि म्हणाली, "सेम."

टॅक्सीवाला आता मराठीखेरीज सगळ्या भाषांत बोलत होता. वहिनी बसल्या. निघता निघता काच खाली करून त्यांनी मला विचारलं, "जमलं का हो भाऊजी?" मला ठाऊक नव्हतं. टॅक्सी वळली तशी आंटीने शिडी उचलून परांचीला लावली.

"आय," ती म्हणाली, आणि या वेळी स्वतःच्या डोळ्याखाली बोट ठेवलं. "नाऊ."

"आंटी, गुड डे?" मी घाबरत विचारलं. पंचांगाचं काय?

"शिप गो आउट. गुड डे."

मी रस्त्यापलीकडे धावलो. जवळून की लांबून, हा निर्णय आता घ्यायचा होता. एकच कॅमेरा, एकच डोळा. मी लांबून घ्यायचं ठरवलं. परांचीवरची मुंगीएवढी आंटी आणि तिच्याभोवती तो अख्खा मासा. कॅमेरा स्टँडवर लावला, टेप सुरू केली. आंटी वर पोचली. तिने काळ्या रंगात ब्रश बुडवला, मागे वळून माझ्याकडे पाहिलं, मी हात वर केला. ती भिंतीकडे वळली. ब्रश टेकला.

आणि एक लॉरी येऊन माझ्यासमोर थांबली.

भली मोठी, पिवळी, पाइपांनी भरलेली. पुढे सिग्नल लाल होता. माझ्या चौकटीत फक्त पाइप. मी ओरडलो, ड्रायव्हरला हात जोडले, "अंकल, प्लीज!" त्याने खिडकीतून बोट करून सिग्नल दाखवला. त्याची काय चूक? कॅमेरा उचलून पळावं तर शॉट तुटणार, न पळावं तर डोळा जाणार. मी उभाच राहिलो. मला स्पष्ट आठवतं, त्या वेळी मला वडील दिसत होते, टॉकीजच्या दारात, आणि कुणीतरी त्यांना विचारत होतं.

सिग्नल सुटला. लॉरी सरकली. पाइप संपले आणि पलीकडून भिंत हळूहळू उघडत गेली. शेपटी, मग पोट, मग कल्ले. लॉरी पूर्ण गेली तेव्हा मासा माझ्याकडे बघत होता. मघाशी रंगाची भिंत होती, आता काहीतरी जिवंत रस्त्याच्या पलीकडे आडवं पडून आपल्याकडे पाहत होतं. आंटी परांचीवर बसून पाय हलवत होती. माझा हात आपोआप कॅमेऱ्यावर गेला, टेप चालू आहे ना हे बघायला. चालू होती.

सोमवारी बॉसने तो शॉट ऑफिसातल्या टीव्हीवर पाहिला. मी मागे उभा होतो. तिने तो पुन्हा पाहिला. लॉरी आली तेव्हा ती "आयो" म्हणाली, आणि लॉरी गेली तेव्हा टीव्हीजवळ सरकली. मग माझ्याकडे न बघता विचारलं, "लॉरी तू बोलावलीस?"

मी खरं सांगितलं. "नाही, बॉस. आपोआप आली."

"क्लायंटला सांगू नकोस." ती उठून चालायला लागली, म्हणून मीही सोबत. पॅसेजमधून जाताना ती म्हणाली, "नोव्हेना भागात एका हॉस्पिटलची भिंत आहे. टाइल्सचं मोठं काम. वर्षभर चालेल. उद्या आठ वाजता ये, कलाकाराशी ओळख करून देते. कॅन?"

"कॅन," मी म्हणालो, आणि ती आपल्या खोलीत गेली.

लिफ्टमधून खाली येताना माझ्या लक्षात आलं की तिने पासबद्दल एक अक्षर काढलं नव्हतं. वर्षभराचं काम म्हणजे काय? म्हणजे मी राहिलो? की सुरुवात माझी आणि पुढे दुसरा कुणी? शहाण्या माणसाने गप्प घरी जाऊन चहा घेतला असता. मी मात्र लिफ्ट खाली पोचल्यावर पुन्हा वरचं बटण दाबलं, तिच्या दारावर टकटक केलं आणि सरांनी शिकवलेल्या इंग्रजीत विचारलं, की मॅडम, कृपया सांगाल का, मी पुढेही नोकरीत राहणार आहे का?

तिने फोन कानापासून थोडा दूर धरला. माझ्याकडे असं पाहिलं की मला दार लावून पळावंसं वाटलं.

"मग काय," ती म्हणाली, "अर्धी भिंत तुला देऊ आणि अर्धी दुसऱ्याला?"